तीन गोळ्यांचा ग्रुप आणि माझे तीन कूपन

नोव्हेंबर अर्धा सरला की आमच्या डिपार्टमेंटचं वर्कशॉप ओस पडतं. गणपतीत कोकणात जाणाऱ्यांमुळे मुंबईची ऑफिसं जशी रिकामी होतात, तसंच. विस्कॉन्सिनमध्ये थँक्सगिव्हिंगच्या आधीच्या शनिवारपासून नऊ दिवस रायफलने हरणाची शिकार करण्याचा सीझन असतो. वर्कशॉपमध्ये माझे नमुने कापून देणारे एक ज्येष्ठ तंत्रज्ञ आहेत. मी त्यांना मनातल्या मनात काका म्हणते, इथेही तेच म्हणेन. काकांची तयारी मात्र उन्हाळ्यातच सुरू होते, कारण ते आपली काडतुसं विकत घेत नाहीत, गॅरेजमध्ये बसून स्वतः भरतात.

मी घरातून शाकाहारी आणि बंदूक या प्रकाराला घाबरणारी. तरीही गेल्या उन्हाळ्यात त्यांच्या गॅरेजमध्ये जे पाहिलं, त्यामुळे माझ्या पीएचडीचा एक अख्खा चॅप्टर मी परत उघडला. संशोधनात उतरायची तयारी करणाऱ्या तुम्हा सगळ्यांसाठी ती गोष्ट लिहिते आहे.

आधी काडतूस म्हणजे काय ते बघू. चार वस्तू असतात. पितळी पुंगळी, तिच्या बुडाशी ठिणगी देणारा प्रायमर, आत धूरविरहित पावडर आणि तोंडाशी बसवलेली गोळी. गोळी झाडली की पावडर जळून जाते, गोळी निघून जाते, पुंगळी मात्र शिल्लक राहते आणि तीच सगळ्यात महाग. म्हणून ती साफ करायची, साच्यातून दाबून परत मापात आणायची, नवा प्रायमर बसवायचा, पावडर तोलून ओतायची आणि नवी गोळी ठरलेल्या खोलीवर दाबून बसवायची. याला हँडलोडिंग म्हणतात. पावडर ग्रेनमध्ये तोलतात. एक ग्रेन म्हणजे सुमारे ६५ मिलिग्रॅम, आणि काकांचा काटा त्याच्या दहाव्या भागापर्यंत दाखवतो. म्हणजे साडेसहा मिलिग्रॅम. आमच्या लॅबमधले काही काटे यापेक्षा ढोबळ आहेत!

(पावडर किती घालायची, याचे आकडे मी इथे मुद्दाम देत नाही. पावडर वाढवली की दाब सरळ रेषेत वाढत नाही. हरणाच्या शिकारीत सर्रास चालणाऱ्या .३०८ विंचेस्टरसाठी अमेरिकी मानकातली कमाल मर्यादाच दर चौरस इंचाला ६२,००० पौंड आहे, आणि तो दाब तुमच्या गालापासून वीतभर अंतरावर तयार होतो. शिवाय आपल्याकडे विनापरवाना काडतुसं बनवणं १९५९ च्या शस्त्र कायद्याखाली गुन्हा आहे, आणि शिकारीवर १९७२ च्या वन्यजीव कायद्याने बंदी आहे. तेव्हा हा लेख भारतात वाचणाऱ्यांनी गॅरेज नव्हे, एक्सेल उघडावं.)

एवढा खटाटोप कशासाठी? काका म्हणतात, अचूकतेसाठी. प्रत्येक रायफलच्या नळीचा स्वभाव वेगळा असतो, तिला मानवणारं काडतूस शोधावं लागतं. आणि इथे फिरवायला खुंट्या भरपूर आहेत. गोळीचं वजन आणि आकार, पावडरची जात, तिचं वजन, गोळी बसवायची खोली, प्रायमरची कंपनी, पुंगळीची मान किती घट्ट. बघा, आहे ना तुमच्या प्रयोगासारखंच?

काकांची पद्धत अशी. पावडरचं वजन थोडं थोडं बदलत दहा प्रकारची काडतुसं भरायची, प्रत्येक प्रकारच्या तीन. मग १०० यार्डांवरच्या, म्हणजे सुमारे ९१ मीटरवरच्या, कागदावर प्रत्येक प्रकाराच्या तीन गोळ्या झाडायच्या. तीन भोकांमधलं सर्वांत मोठं अंतर मोजायचं. याला ग्रुप म्हणतात. ज्या वजनाचा ग्रुप सर्वांत छोटा, ते वजन जिंकलं. त्यांच्या वहीत वर्षानुवर्षांचे असे ग्रुप होते, प्रत्येक वर्षाच्या विजेत्याभोवती लाल गोल. आणि प्रत्येक वर्षी ऑक्टोबरमध्ये एक तक्रार : "उन्हाळ्यात अर्ध्या इंचाचा ग्रुप देणारं काडतूस आता सव्वा इंचावर गेलं." कारणंही लिहिलेली. थंडी. पावडरचा नवा डबा. दुर्बिणीचा स्क्रू ढिला असावा. पुढच्या उन्हाळ्यात पुन्हा शोध, पुन्हा नवा विजेता.

मी वही चाळत होते आणि पोटात खड्डा पडत होता. कारण माझ्या चॅप्टरमध्ये नेमकं हेच होतं.

मी कंपोझिटच्या पट्ट्या ताणून तोडते. अशा पट्टीला आमच्याकडे कूपन म्हणतात. क्युरिंगच्या आठ वेगवेगळ्या रीती, प्रत्येकीची तीन कूपन. सर्वांत मजबूत निघालेली रीत घेऊन मी त्यावर आठ महिने पुढचं काम केलं होतं, आणि नंतरच्या बॅचेस तितक्या मजबूत येत नव्हत्या. माझ्याही वहीत कारणं होती. हवेतली आर्द्रता. रेझिनचा नवा लॉट. ग्रिप घसरली असावी.

आता हिशेब करू. समजा काकांच्या दहाही काडतुसांत काहीच फरक नाही. शंभर टक्के सारखी. भोकं आडव्या आणि उभ्या दिशेने नॉर्मल वितरणाने विखुरतात आणि दोन्ही दिशांचं प्रमाण विचलन, म्हणजे सिग्मा, ०.४ इंच आहे असं धरा. तीन गोळ्यांच्या ग्रुपची सरासरी लांबी येते सुमारे २.४१ सिग्मा, म्हणजे ०.९६ इंच. पण प्रत्येक ग्रुप काही सरासरीएवढा येत नाही. तीन गोळ्यांच्या ग्रुपचं स्वतःचं विचलन सरासरीच्या जवळजवळ ३७ टक्के असतं. असे दहा ग्रुप झाडले तर त्यातला सर्वांत छोटा अर्ध्या इंचाच्या आसपास येतो आणि सर्वांत मोठा दीड इंचाच्या आसपास. तिपटीचा फरक, आणि काडतुसं हुबेहूब सारखी!

विश्वास बसत नसेल तर आत्ताच करून बघा. एक्सेलमध्ये किंवा पायथनमध्ये नॉर्मल वितरणातून आकड्यांच्या तीन जोड्या काढा, त्यांच्यातलं सर्वांत मोठं अंतर मोजा, असं दहा वेळा करा आणि सर्वांत छोट्याला लाल गोल करा. मग त्याच "विजेत्या"चे आणखी दहा ग्रुप काढा. ते पुन्हा ०.९६ च्या आगेमागे पसरलेले दिसतील. काकांची ऑक्टोबरची तक्रार तुमच्या लॅपटॉपवर तयार झाली. थंडी नाही, स्क्रू नाही. विजेता निवडताना आपण अर्धं नशीब निवडलं होतं, आणि दुसऱ्या खेपेला नशीब सोबत आलं नाही, एवढंच.

ग्रुपची आणखी एक खोड आहे. गोळ्या वाढवल्या की तो मोठाच होत जातो, कारण सर्वांत लांबच्या दोन भोकांमधलं अंतर कमी होऊच शकत नाही. त्याच रायफलचा पाच गोळ्यांचा सरासरी ग्रुप ३.०७ सिग्मा, दहाचा ३.८१ आणि वीसचा साधारण साडेचार. म्हणजे आपली ०.४ इंच सिग्माची रायफल तीन गोळ्यांत "एक इंचाच्या आतली" आणि वीस गोळ्यांत १.८ इंचाची. रायफल तीच. कुणी "माझी रायफल अर्ध्या इंचाची आहे" म्हणालं की पहिला प्रश्न विचारायचा : किती गोळ्यांत? आणि दुसरा : किती ग्रुपांमधून निवडून?

त्यात ग्रुप हे माप उधळं आहे. दहा भोकं पाडली तरी लांबी ठरते फक्त दोघांवरून, बाकीच्या आठांची माहिती आपण फेकून देतो. त्यापेक्षा सगळ्या भोकांचा मध्य काढावा आणि त्या मध्यापासून प्रत्येक भोकाच्या अंतराची सरासरी घ्यावी. त्याला सरासरी त्रिज्या म्हणतात आणि ती प्रत्येक गोळीचं ऐकते. या विषयावर फ्रँक ग्रब्ज यांनी १९६४ साली रायफलवाल्यांसाठी आणि क्षेपणास्त्र इंजिनिअरांसाठी मिळून एक छोटी पुस्तिका लिहिली होती. नाव ओळखीचं वाटतंय? हो, तुमच्या सॉफ्टवेअरमध्ये आउटलायर शोधायची जी ग्रब्ज टेस्ट असते, तेच हे. मेरीलँडमधल्या अ‍ॅबरडीनच्या लष्करी चाचणी केंद्रात, तोफा आणि गोळ्यांच्या प्रयोगशाळेत काम करणारे संख्याशास्त्रज्ञ.

उडालेली गोळी

आउटलायरवरून आठवलं. काकांच्या वहीत कित्येक ग्रुपांच्या शेजारी "फ्लायर" असं लिहिलेलं होतं. दोन भोकं चिकटून, तिसरं लांब. तिसरं मोजायचं नाही, कारण "ती माझीच चूक होती".

माझ्याही डेटात अशी चार कूपन होती. दोन आकडे जवळजवळ, तिसरा लांब, तिसरा वगळला. बरं, मी तो ग्रब्ज टेस्ट लावून वगळला होता, म्हणजे अगदी नियमात! मग एकदा त्या टेस्टचं गणित नीट पाहिलं. तीन नमुन्यांत ग्रब्जचा आकडा कितीही ताणला तरी १.१५४७ च्या वर जाऊच शकत नाही, आणि पाच टक्क्यांची एकतर्फी मर्यादा आहे १.१५३. म्हणजे ती टेस्ट इथे एकच गोष्ट विचारते आहे : उरलेले दोन आकडे योगायोगाने फार जवळ आले आहेत का? मी ज्याला वगळत होते तो तिसरा बिचारा निर्दोष असू शकत होता. संशयास्पद असलीच तर त्या दोघांची जवळीक होती.

पण इथे काकांनी मला एक गोष्ट शिकवली, जी मला कुठल्याही कोर्समध्ये नीट कळली नव्हती. नेमबाजांत "शॉट कॉल करणं" अशी एक शिस्त आहे. चाप सुटला त्या क्षणी क्रॉसहेअर कुठे होती ते, दुर्बिणीतून कागद बघण्याआधी, बोलून टाकायचं. "उजवीकडे ढळला." हे आधी म्हटलं असेल तर ती गोळी वगळायला काही आधार आहे. भोक बघून मग "अरे हो, हात हलला होता" म्हणणं चालत नाही. काका स्वतः हा नियम पाळत होते का? काही वर्षं हो, काही वर्षं नाही. ज्या वर्षी पाळला नाही त्या वर्षीचे ग्रुप वहीत सगळ्यांत सुंदर होते.

आता मी मशीनवर कूपन लावलं की तोडण्याआधी लिहिते : ग्रिप ठीक, पट्टी सरळ, कडेला खरचटलेलं नाही. तुटल्यावर लिहिलेलं काहीही वगळण्याचं कारण म्हणून धरत नाही.

मग किती गोळ्या?

हा प्रश्न काकांनी मला विचारला, आणि तो विचारणारे ते माझ्या आठवणीतले पहिलेच. आम्ही वर्कशॉपच्या फळ्यावर हिशेब मांडला. नेहमीप्रमाणे ८० टक्के पॉवर आणि पाच टक्के सिग्निफिकन्स धरला. एका काडतुसाचा विखुर दुसऱ्याच्या निम्मा असेल तर प्रत्येकी आठ-दहा गोळ्यांत कळतं. २० टक्क्यांनी कमी असेल तर प्रत्येकी ऐंशीच्या घरात गोळ्या लागतात. १० टक्क्यांनीच कमी असेल तर प्रत्येकी साडेतीनशेच्या वर. दोन प्रकार मिळून सातशे. शिकारी रायफलच्या नळीची अचूकता काही हजार गोळ्यांपुरती असते, त्यामुळे दहा टक्क्यांचा फरक शोधता शोधता मोजायचं उपकरणच झिजायला लागेल. आणि काका पावडरच्या वजनात जे दोन-तीन दशांश ग्रेनचे फरक करत होते, त्यांचा परिणाम असलाच तर याच दहा-वीस टक्क्यांच्या गटातला.

काका बराच वेळ फळ्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, "म्हणजे इतकी वर्षं मी आवाज मोजत होतो." त्यांनी इंग्रजीत "नॉइज" म्हटलं, पण मराठीत हे जास्त लागतं.

वेगाचंही असंच. गोळीचा वेग मोजायला काकांकडे छोटा रडार आहे. तो पाच गोळ्यांनंतर प्रमाण विचलन दाखवतो आणि ते एक आकडी आलं की लोक खूश होतात. पण पाच मोजमापांवरून काढलेल्या विचलनाचा ९५ टक्के विश्वासांतर ०.६ पट ते जवळजवळ २.९ पट असा पसरलेला असतो. तीन मोजमापं असतील तर वरची बाजू सहा पटींच्या पुढे जाते! स्क्रीनवर "५" दिसलं तर खरं उत्तर ३ ही असू शकतं आणि ३० ही. सरासरीची गोष्टही फार वेगळी नाही. तीन नमुन्यांवर ९५ टक्क्यांचे एरर बार काढायचे तर स्टँडर्ड एररला १.९६ ने नव्हे, ४.३० ने गुणावं लागतं. हा आकडा गिनेस बिअरच्या कारखान्यात काम करणाऱ्या गॉसेट यांनी "स्टुडंट" या टोपणनावाने १९०८ मध्ये सांगितलेल्या गणितातून येतो, आणि तरी माझ्या पोस्टरवरचे एरर बार नुसतेच एक स्टँडर्ड एररचे होते. ४.३० ने गुणून काढले तेव्हा माझ्या आठही रीती एकमेकींच्या मांडीवर जाऊन बसल्या.

मग जुनी वही रद्दीत टाकायची का? अजिबात नाही. इथे आम्ही थोडं कष्टाचं पण छान काम केलं. काकांनी निशाणाचे जुने कागद जपून ठेवले होते. एकेका प्रकारच्या काडतुसाचे कागद घेऊन बटर पेपरवर भोकं उतरवली आणि नेम धरलेला बिंदू जुळवून एकावर एक ठेवली. फ्लायरसकट. तीन-तीनचे दहा ग्रुप म्हणजे तीस गोळ्या, आणि तीस गोळ्यांचा कागद बरंच खरं बोलतो. पावडरच्या वजनांचे ढग एकमेकांपासून वेगळे ओळखू येईनात. एक ढग मात्र स्पष्टपणे लहान होता. एका वर्षी काकांनी गोळीच वेगळ्या बनावटीची घेतली होती, त्या वर्षाचा. वहीत त्याच्याभोवती लाल गोल नव्हता, कारण त्या उन्हाळ्यातला एक ग्रुप नशिबाने मोठा आला होता. खरा फरक हातात येऊन निसटला होता.

याच हिशेबाला ऑलिंपिकची बाजूही आहे. आपल्या कोल्हापूरच्या तेजस्विनी सावंत आणि स्वप्निल कुसाळे यांच्या ५० मीटर रायफल प्रकारात .२२ ची रिमफायर काडतुसं लागतात. त्यांचा स्फोटक मसाला पुंगळीच्या काठातच असतो, त्यामुळे ती घरी परत भरण्यासारखी नसतात. तिथे काडतुसाची कृती नाही, कारखान्याचा लॉट निवडतात. रायफल पक्की बसवून वेगवेगळ्या लॉटच्या गोळ्या झाडून बघायच्या. निशाणावरचं दहा गुणांचं वर्तुळ १०.४ मिलिमीटरचं असतं, त्यामुळे लॉट चुकीचा निवडला तर गुण जातात. प्रश्न मात्र काकांचाच : कमी गोळ्या झाडून खूप लॉट बघायचे, की थोडे लॉट घेऊन भरपूर झाडायच्या?

शिकारीत निशाण कागदाचं नसतं. हरणाच्या हृदय-फुप्फुसांची जागा साधारण आठ इंच व्यासाची धरतात. गोळी तिच्या बाहेर लागली तर जनावर जखमी होऊन जंगलात पळतं आणि कित्येक तासांनी मरतं. काकांच्या हातून एकदा तसं झालं होतं. संध्याकाळभर रक्ताचा माग काढला, सापडलं नाही. त्या वर्षानंतर पावडर आणखी बारकाईने तोलायला लागलो, असं त्यांनी सांगितलं. मी काही बोलले नाही. फळ्यावर फक्त एक समीकरण लिहिलं. चुका सरळ बेरजेने मिळत नाहीत, वर्गांच्या बेरजेने मिळतात. काडतुसाचा विखुर १ धरा, आणि थंडीत झाडाला टेकून धापा टाकत नेम धरणाऱ्या माणसाचा ४. एकूण येतो १७ चं वर्गमूळ, म्हणजे ४.१२. आता जन्मभर खपून काडतुसाचा विखुर निम्मा करा. एकूण ४.०३. दोन टक्के. वेगातल्या फरकाचंही तसंच. सेकंदाला २,६५० फुटांच्या गोळीचा वेग २० फुटांनी इकडेतिकडे झाला तर १०० यार्डांवर ती जेमतेम एक मिलिमीटर वरखाली लागते. हजार यार्डांवर तोच फरक कित्येक इंचांचा होतो, पण काका जिथून गोळी झाडतात तिथून हरीण क्वचितच दीडशे यार्डांच्या पलीकडे असतं.

काकांनी या वर्षी पावडरचं एकच वजन ठेवलं, मॅन्युअलमधल्या मर्यादेच्या बरंच आत, ती वेगळी गोळी घेतली आणि उरलेला उन्हाळा .२२ ने उभ्याने आणि गुडघ्यावर बसून सराव केला. त्या सरावाचा प्रत्येक कागद ठेवला. किती अंतरापलीकडे गोळी झाडायची नाही, हे त्यांनी सगळ्यात मोठ्या ढगावरून ठरवलंय. उत्तर आलं १२० यार्ड. आधी ते २५० म्हणायचे.

माझं म्हणाल तर गाइडना सगळं सांगितलं. तो अर्धा तास कसा गेला ते इथे लिहीत नाही. चॅप्टरमधून "सर्वोत्तम रीत" हे शब्द गेले, आठातल्या दोनच रीती ठेवल्या, आणि दोघींची प्रत्येकी पंधरा कूपन तोडायची ठरली. तोडण्याचा क्रम चिठ्ठ्या टाकून काढलाय, म्हणजे मशीन तापण्याचा दोष एकीच्याच डोक्यावर बसणार नाही. काय मोजायचं आणि काय वगळायचं ते आधीच लिहून गाइडना मेल केलंय. एकूण तीस कूपन कापायला काकांनी दोन आठवडे सांगितलेत. मात्र सीझन संपेपर्यंत करवतीला हात लागणार नाही, हेही सांगून ठेवलंय.